पडदा कुणाच्या मालकीचा?

चित्रपटावर व्याख्यान आणि वक्ता कामगार संघटनेचा, याचे काही श्रोत्यांना नवल वाटेल. कलेचे शास्त्र आम्हाला अवगत नाही. शाळा आम्ही लवकर सोडली. पुढचे शिक्षण झाले ते संघटनेच्या कचेरीत, सार्वजनिक वाचनालयात आणि गेटसभांत. पण कोणतीही वस्तू समोर आली की ती कुणाच्या श्रमाने झाली, तिला भांडवल कुणाचे लागले आणि ती विकणारे दुकान कुणाचे, हे तीन प्रश्न विचारण्याची सवय आम्हाला जडली आहे. चित्रपटालाही हेच प्रश्न विचारले पाहिजेत. ज्या माणसाने ते जन्मभर विचारले आणि त्यांची किंमत स्वतःच्या कमाईतून मोजली, त्या मेद होंदो यांची ओळख आज करून द्यायची आहे.

होंदो यांचा जन्म १९३६ साली पश्चिम आफ्रिकेतील मॉरिटानियात झाला. सहारा वाळवंटातला हा मुलूख तेव्हा फ्रेंचांच्या अमलाखाली होता. तरुणपणी ते मोरोक्कोत गेले आणि रबात येथे हॉटेलच्या धंद्याचे शिक्षण घेऊन आचारी झाले. १९५९ च्या सुमारास ते समुद्र ओलांडून फ्रान्सला आले. हातात कसब होते, पण कातडी काळी होती. मार्सेय बंदरात आणि पुढे पॅरिसला त्यांनी मिळेल ते काम केले. कधी स्वयंपाकघरात राबले, कधी गोदीत हमाली केली, कधी शेतावर मजुरी केली, कधी हॉटेलात ताटे वाढली. आफ्रिकी मजुराला काम मिळणे कठीण, आणि मिळाले तरी दाम गोऱ्या मजुरापेक्षा कमी.

याच मार्सेयच्या गोदीत थोडी वर्षे आधी सेनेगलचे उस्मान सेम्बेन ओझी वाहत होते. ते तिथल्या कामगार संघटनेत होते. पुढे कादंबरीकार आणि मग आफ्रिकी चित्रपटाचे एक आद्य प्रवर्तक म्हणून ते जगाला ठाऊक झाले. सेम्बेन मायदेशी परतले. होंदो परदेशात राहिले. दोघांची शाळा मात्र एकच होती, बंदराची गोदी.

पोटाची सोय जेमतेम लागताच होंदो नाट्यशिक्षणाकडे वळले. प्रख्यात नटी फ्रांस्वाझ रोझे यांच्या हाताखाली ते शिकले. परंतु काळ्या नटाच्या वाट्याला कोण देणार नायकाची भूमिका? तेव्हा १९६६ साली त्यांनी समव्यवसायी मित्रांसह स्वतःची नाटक मंडळी उभारली आणि आफ्रिकी व कॅरिबियन लेखकांची नाटके रंगभूमीवर आणली. प्रयोगाला माणसे थोडी येत. आपले म्हणणे दूरवर पोचवायचे तर चित्रपटच हवा, हे त्यांनी ओळखले.

इथे थोडा इतिहास सांगितला पाहिजे. १९३४ साली फ्रेंच सरकारने एक हुकूम काढला होता. आफ्रिकेतील वसाहतींत चित्रण करायचे तर सरकारी परवाना घ्यावा लागे. आफ्रिकी माणसाने आपल्याच गावात, आपल्याच माणसांवर कॅमेरा रोखणे त्यामुळे जवळजवळ अशक्य झाले. म्हणून १९५५ साली पॉलँ व्हिएरा आणि त्यांच्या साथीदारांनी आपला लघुपट काढला तो पॅरिसमध्ये, तिथे राहणाऱ्या आफ्रिकी लोकांवर. १९६० च्या सुमारास बहुतेक देश स्वतंत्र झाले. हुकूम गेला, पण कॅमेरा, प्रयोगशाळा आणि पैसा पॅरिसलाच राहिला.

अशा स्थितीत होंदो यांनी 'सोलेय ओ' हा पहिला मोठा चित्रपट काढला. खर्च सुमारे तीस हजार डॉलर, म्हणजे त्या धंद्याच्या मानाने चणेफुटाणे! कोणी सावकार नाही, सरकारी अनुदान नाही. परदेशी चित्रपटांना फ्रेंच आवाज देण्याचे काम होंदो करीत. त्याचे पैसे आले की थोडे चित्रण होई, संपले की थांबे. साथीदार बहुतेक बिनपगारी. अशा रीतीने १९६७ ला सुरू झालेले काम १९७० ला लोकांपुढे आले.

कथा साधी आहे. एक आफ्रिकी हिशेबनीस मोठ्या आशेने पॅरिसला येतो. नोकरी मागतो, नकार. खोली मागतो, नकार. पण कथा सांगण्याची रीत साधी नाही. आरंभी आफ्रिकी माणसांचा बाप्तिस्मा होतो आणि त्यांना स्वतःची भाषा बोलल्याबद्दल क्षमा मागावी लागते. मग त्यांच्या हातातल्या क्रुसांच्या तलवारी होतात आणि गोऱ्या अधिकाऱ्याच्या हुकुमावर ते एकमेकांनाच कापतात. आणखी एका ठिकाणी काळा पुरुष आणि गोरी स्त्री पॅरिसच्या भर रस्त्याने चालतात, आणि कॅमेरा येणाऱ्या-जाणाऱ्यांचे चेहरे टिपतो. ते चेहरे नटांचे नव्हेत, खरे आहेत. हजार पुराव्यांचे काम त्या नजरा करतात. १९७० साली लोकार्नोच्या महोत्सवात या चित्रपटाला सुवर्ण बिबट्याचा मान मिळाला.

मान मिळाला, म्हणजे बाजार मिळाला असे नव्हे. आमच्या तिसऱ्या प्रश्नाचे महत्त्व इथे कळते. फ्रेंच भाषिक आफ्रिकेतील चित्रगृहांना चित्रपट पुरवण्याचे काम दीर्घकाळ दोन फ्रेंच कंपन्यांच्या मुठीत होते. त्या पडद्यावर अमेरिकेचे, फ्रान्सचे आणि आपल्या मुंबईचेही चित्रपट दिसत. दिसत नसत ते आफ्रिकेचेच. शेतकऱ्याने पीक काढावे आणि बाजाराच्या दाराला दुसऱ्याचे कुलूप असावे, तसा हा प्रकार. होंदो यांनी १९७९ साली एक निबंध लिहिला. चित्रपट आपल्यासाठी काय आहे, हाच त्याचा विषय.

त्यांची पुढची कामेही याच निष्ठेची. १९७४ चा चित्रपट फ्रान्समधल्या स्थलांतरित मजुरांविषयी आहे. त्याला कार्थेजच्या महोत्सवात पहिले पारितोषिक मिळाले. १९७९ चा 'वेस्ट इंडीज' हा संगीत चित्रपट. पॅरिसमधल्या सित्रोएन मोटारींच्या बंद पडलेल्या कारखान्यात त्यांनी गुलामांचे एक प्रचंड जहाज उभारले आणि त्या एकाच जहाजावर काही शतकांचा इतिहास मांडला. खाली गुलाम, वर मालक, मधे दलाल. वर्गरचना समजावण्यासाठी आम्ही फळ्यावर आकृत्या काढतो. होंदो यांनी ती लाकडात घडवली.

'सारौनिया' हा १९८६ चा चित्रपट. १८९९ साली आजच्या नायजर देशात गावे जाळीत निघालेल्या फ्रेंच फौजेपुढे एका राणीने शस्त्र धरले, त्याची ही हकीकत. नायजरमध्ये चित्रण होऊ शकले नाही; शेवटी बुर्किना फासोने आश्रय दिला. १९८७ साली वागादुगूच्या महोत्सवात त्याला सर्वोच्च पारितोषिक लाभले. पॅरिसमध्ये मात्र तो फारच थोडे दिवस टिकला.

होंदो केवळ गोऱ्यांवर टीका करणारे होते असे कोणी समजू नये. १९७५ पासून मॉरिटानियाने पश्चिम सहाराचा काही भाग व्यापला होता. त्या काळात होंदो यांनी तिथल्या लढणाऱ्या लोकांची बाजू घेणारा चित्रपट १९७७ साली काढला. जन्मभूमी चुकली तर तिलाही सुनावण्याचे बळ फार थोड्यांच्या अंगी असते. हे बळ कुठून आले? आमच्या मते, ते कुणाचे मिंधे नव्हते म्हणून. चित्रपटांना पैसा जमवताना त्यांना पुष्कळ दारे ठोठवावी लागली, पण पोटासाठी त्यांच्याजवळ मजुरी होती. हॉलिवुडचा एडी मर्फी फ्रेंच बोलत असे तो होंदो यांच्या आवाजात. 'श्रेक' मधले बडबडे गाढवही त्यांच्याच आवाजात बोलते. लक्षावधी फ्रेंच मुले त्या आवाजावर हसली. आवाजाच्या धन्याचे चित्रपट त्यांच्यातल्या किती जणांना पाहायला मिळाले असतील?

२०१७ साली 'सोलेय ओ' ची जीर्ण प्रत दुरुस्त होऊन पुन्हा प्रकाशात आली. २ मार्च २०१९ रोजी पॅरिसमध्ये होंदो यांचे निधन झाले.

आपल्या गावातही आज परप्रांतातून आलेला मजूर आहे. इमारतीच्या मचाणावर आहे, हॉटेलच्या मागल्या दारी आहे. तो कमी दामात राबतो म्हणून आपला मजूर त्याच्यावर चिडतो. हा राग आम्ही गेटसभांत रोज ऐकतो. पण दाम कमी देणारा हात त्या मजुराचा नव्हे. एका कामाला एकच दर मागितला, तर तंटा उरतच नाही. त्या मजुरांत एखादा होंदो असेल की नाही, हे सांगता येणार नाही. भाड्याची खोली मागायला तो आपल्या दाराशी उभा राहील, तेव्हा त्याच्याकडे आपण कोणत्या नजरेने पाहतो, एवढे मात्र आपल्या हाती आहे. पॅरिसच्या रस्त्यावरच्या त्या नजरा कॅमेऱ्याने टिपून ठेवल्या आहेत. आपल्या नजरा कोणी टिपत नसेल, म्हणून त्यांचा हिशेब चुकत नाही.