लढ्याच्या मुळाशी तृतीयपंथी

समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणाऱ्या भारतीय दंड संहितेच्या कलम ३७७ विरुद्धच्या लढ्याची हकिकत सहसा नाझ फाउंडेशनच्या २००१च्या याचिकेपासून सुरू होते आणि हे संबंध गुन्हा नाहीत म्हणणाऱ्या सर्वोच्च न्यायालयाच्या ६ सप्टेंबर २०१८च्या निकालापाशी संपते. त्यात तृतीयपंथी समाज मागाहून सामील झाल्यासारखा दिसतो. प्रत्यक्षात या कलमाची झळ सर्वांत आधी त्यालाच बसली. १८७१च्या गुन्हेगार जमाती कायद्याने हिजड्यांच्या नोंदवह्या ठेवायला लावल्या आणि नाव चढवायला ३७७खालच्या गुन्ह्याचा संशयही पुरे ठरवला. १८८४मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयापुढे खैराती या तृतीयपंथी व्यक्तीचा खटला आला. बायकी वेशात गाताना दिसली म्हणून तिला पकडलं, वैद्यकीय तपासणी केली आणि सत्र न्यायालयाने ३७७खाली शिक्षा ठोठावली. गुन्हा कधी, कुठे, कोणाबरोबर घडला हे सांगता येईना, तेव्हा उच्च न्यायालयाने ती शिक्षा रद्द केली. हे कलम नावापुरतं कृत्याविरुद्ध होतं. माणूस मात्र पेहरावावरून हेरला जात होता. प्रौढांच्या संमतीच्या संबंधांपुरतं ३७७ रद्द करणाऱ्या २००९च्या निकालात दिल्ली उच्च न्यायालयाने खैरातीचा आणि २००४मध्ये बंगळुरू पोलिसांनी छळलेल्या एका हिजड्याचा दाखला दिला.

यावर आक्षेप येतो, की लिंगभाव आणि लैंगिक कल हे वेगळे प्रश्न आहेत. शिवाय तृतीयपंथीयांना २०१४मध्येच मान्यता मिळाली, मग लढा एकत्र कशाला? प्रश्न वेगळे आहेत, हे खरंच. पण ठाण्याच्या तृतीयपंथी कार्यकर्त्या लक्ष्मी नारायण त्रिपाठी ज्यात सहभागी होत्या, त्या २०१४च्या नालसा (राष्ट्रीय विधी सेवा प्राधिकरण) खटल्याच्या निकालाने स्वतःची लिंगओळख ठरवण्याचा हक्क दिला तेव्हा सर्वोच्च न्यायालयाच्या डिसेंबर २०१३च्या निकालाने ३७७ पुन्हा लागू झालेलं होतं. ओळख वैध, पण जवळीक गुन्हा, अशी ती अर्धी मान्यता होती. ती पुरी झाली २०१८मध्ये, आणि त्या निकालाने नालसाच्याच युक्तिवादाचा आधार घेतला.

तृतीयपंथीयांच्या या वाट्याची परतफेड मात्र तोकडी पडली. नालसा निकालाने आरक्षण द्यायला सांगितलं. बहुतेक राज्यांत समांतर आरक्षणाची (प्रत्येक प्रवर्गाच्या आत वेगळ्या वाट्याची) मागणी अजून मागणीच आहे. २०१९च्या तृतीयपंथी हक्क-संरक्षण कायद्यात तृतीयपंथी व्यक्तीवरच्या लैंगिक अत्याचाराला जास्तीत जास्त दोन वर्षांची शिक्षा आहे. स्त्रीवरील बलात्काराला किमान दहा. प्रत्येक गटाने आपापलं बघावं, असं म्हणणाऱ्यांनी सर्वोच्च न्यायालयाचा २०२३चा विवाह-निकाल वाचावा. समलिंगी विवाहाला नकार देणाऱ्या त्याच निकालाने स्त्री-पुरुष नात्यातल्या तृतीयपंथी व्यक्तींचा लग्नाचा हक्क मान्य केला. एकाने दार ठोठावलं की दुसऱ्यासाठीही काही उघडतं, हा दीडशे वर्षांचा अनुभव आहे. ज्यांच्या छळाच्या नोंदी न्यायालयात पुरावा ठरल्या, त्यांच्या नोकरीचा आणि सुरक्षिततेचा प्रश्न सगळ्या चळवळीने आपला म्हणून हाती घ्यायला हवा.