रिकाम्या किनाऱ्याचं गाणं

तलासरी तालुका म्हटला की भातखाचरं, डोंगरउतारावरची घरं आणि मुंबई-अहमदाबाद महामार्गावरची वर्दळ डोळ्यांपुढे येते. समुद्र सहसा कोणाला आठवत नाही. पण तालुक्याचं पश्चिमेचं टोक झाई गावाशी समुद्राला टेकतं. उत्तरेला गुजरातचं उंबरगाव, दक्षिणेला डहाणू तालुक्यातली बोर्डी, आणि मधे मांगेल्यांच्या होड्या.

गेल्या डिसेंबरात माझी भाची आणि तिच्या कॉलेजातल्या मैत्रिणी तिथे रील करायला निघाल्या. सोबतीला म्हणून मीही गेलो. किनाऱ्यावर बांबूंना दोर बांधून बोंबील वाळत घातले होते आणि एक आजी सुकलेले काढून टोपलीत भरत होत्या. भाचीने अदबीने विचारलं, "आजी, दोन मिनिटं बाजूला होता का? मागे नुसता समुद्र हवाय." आजी हसून बाजूला झाल्या. मोबाइलवर गिटार सुरू झाली. एकच तार कोणीतरी वेड्यासारखी छेडतंय, आणि प्रत्येक स्वर ओला होऊन येतोय, असा तो आवाज होता.

"हे काय गं?" मी विचारलं.

"सर्फ रॉक, मामा. 'मिसिरलू' म्हणतात याला. तुमच्यापेक्षा एका वर्षाने मोठं आहे."

माझा जन्म १९६३चा. त्या संध्याकाळपासून मी या संगीताच्या आणि ते ज्या चित्रपटांतून जगभर गेलं त्या चित्रपटांच्या मागे लागलो. करमणूक म्हणून सुरू झालेला हा शोध हळूहळू आमच्याच किनाऱ्यावर येऊन थांबला. तो कसा, ते सांगतो.

सुरुवात कॅलिफोर्नियात होते. फ्रेडरिक कोहनर हा हिटलरच्या राजवटीतून निसटून हॉलिवुडमध्ये आलेला पटकथाकार. त्याची मुलगी कॅथी मालिबूच्या किनाऱ्यावर लाटांवर फळी चालवायला शिकली. घरी येऊन ती जे सांगायची त्यावर बापाने १९५७ साली 'गिजेट' ही कादंबरी लिहिली. १९५९ मध्ये तिचा चित्रपट आला आणि तोवर मोजक्या टोळक्यांपुरता असलेला हा नाद घराघरांतल्या पोरांना लागला. त्याच सुमाराला होबी ऑल्टरसारख्या कारागिरांनी फोमच्या हलक्या फळ्या बनवायला घेतल्या होत्या. जड लाकडी फळी ज्यांना पेलत नव्हती, तेही आता पाण्यात उतरू लागले.

मग १९६३ साली अमेरिकन इंटरनॅशनल पिक्चर्स या कंपनीने 'बीच पार्टी' काढला. ही कंपनी थोड्या पैशांत, थोड्या दिवसांत चित्रपट उरकायची. तिचा प्रेक्षक म्हणजे उघड्यावरच्या पडद्यापुढे मोटारीत बसून सिनेमा पाहणारी कोवळी पोरं. दिग्दर्शक विल्यम ॲशर, नायक फ्रँकी ॲव्हलॉन, नायिका ॲनेट फुनिचेलो. कथा सांगायला दोन वाक्यं पुरतात. सुट्टीत मुलंमुली समुद्रावर जमतात, रुसतात, नाचतात, शेवटी त्यांचं जुळतं. मधे मोटारसायकलवाल्यांची एक बावळट टोळी धडपडून जाते. चित्रपट धो धो चालला आणि पुढच्या तीन वर्षांत त्याच साच्यातून 'मसल बीच पार्टी', 'बिकिनी बीच', 'बीच ब्लँकेट बिंगो' असे एकामागून एक निघाले. म्हातारा बस्टर कीटनही यांपैकी काहींत पोटापुरतं काम करून गेला.

पहिल्या चित्रपटातलं एक पात्र मात्र मला सोडवेना. प्रोफेसर सटवेल हा दाढीवाला मानववंशशास्त्रज्ञ समुद्रकाठच्या घरात दुर्बीण लावून बसतो आणि या पोरापोरींच्या प्रणयाच्या रीतींचा अभ्यास करतो. आमच्या भागात हे दृश्य फार ओळखीचं आहे. वारली माणसाने असे वहीवाले, टेपवाले, कॅमेरेवाले कितीतरी पाहिले आहेत. इथे दुर्बीण गोऱ्या मुलांवर रोखलेली आहे, आणि हसं होतं ते पाहणाऱ्याचं. मला ते मनापासून आवडलं. पण दुर्बीण काय दाखवत नाही, हाही प्रश्न तिथेच मनात आला. त्याच्याकडे मी परत येईन.

आधी संगीत. या चित्रपटांत 'डेल-टोन्स' हा आपला वाद्यवृंद घेऊन स्वतः डिक डेल दिसतो. त्याचं खरं नाव रिचर्ड मन्सूर, बापाकडून लेबनानी. लहानपणी त्याने काकाकडून ऊद आणि तबल्याच्या जातीचं तिकडचं हातवाद्य ऐकलं, शिकलं. 'मिसिरलू' ही भूमध्य समुद्राच्या पूर्वेकडची जुनी चाल. तिची ग्रीक ध्वनिमुद्रिका १९२७ मध्येच निघाली होती. डेलने १९६२ साली तीच चाल विजेच्या गिटारीवर घेतली आणि ऊदवादकासारखी नखी खालीवर इतकी भरभर चालवली की स्वर तुटेचना. ज्याला आपण अमेरिकेच्या समुद्राचा आवाज म्हणून ऐकतो, तो पूर्वेच्या मैफलीतून आलेला आहे. पुढे १९९४ च्या 'पल्प फिक्शन'च्या नामावलीवर हीच चाल वाजली आणि नव्या पिढीला कळली.

आणि तो ओलेपणा? तो समुद्रातून आलेला नाही, स्प्रिंगांतून आलेला आहे. एका पेटीत बारीक स्प्रिंगा ताणून बसवतात. गिटारीचा आवाज विजेच्या रूपाने एका टोकाशी पोचला की स्प्रिंग थरथरते. ती थरथर दुसऱ्या टोकाला किंचित उशिरा पोचते, तिथून उलटी येते, पुन्हा जाते. मूळ आवाजात ही रेंगाळलेली थरथर मिसळली की विहिरीत वाकून हाक मारल्यासारखा घुमारा तयार होतो. ही युक्ती मुळात हॅमंड ऑर्गनसाठी होती. फेंडर कंपनीने १९६१ मध्ये गिटारवाल्यांसाठी तिची सुटी पेटी बाजारात आणली आणि 'पाइपलाइन'सारख्या धून तिच्यावर उभ्या राहिल्या. 'बीच बॉइज' या गाजलेल्या वृंदात तर खरोखर लाटांवर चालणारा एकटा डेनिस विल्सन होता. म्हणजे समुद्राशिवाय समुद्र ऐकवण्याची सोय झाली होती. यात मी खोट काढत नाही. कलेला तेवढी मुभा असतेच. चित्रपटांनी मात्र पुढचं पाऊल टाकलं. त्यांनी माणसांशिवाय किनारा दाखवला.

कोणती माणसं गाळली ते पाहू. लाटेवर उभं राहण्याची विद्या हवाई बेटांवरच्या मूळ रहिवाशांची. १८२० पासून तिथे मिशनरी आले, त्यांना हा उघड्या अंगाचा खेळ पसंत नव्हता. बाहेरून आलेल्या रोगांनी माणसंही झपाट्याने घटली. ज्यांनी ती विद्या तगवली त्यांतला जॉर्ज फ्रीथ १९०७ मध्ये कॅलिफोर्नियात आला, मागून ऑलिंपिकमधला जलतरणपटू ड्यूक काहानामोकू आला. 'बीच पार्टी'च्या वाळूवर या लोकांना जागा नाही. काळ्या माणसांनाही नाही. कोवळा स्टीव्ही वंडर 'मसल बीच पार्टी'त येतो, गातो आणि जातो. लॉस एंजेलिसजवळ मॅनहॅटन बीच इथे विला आणि चार्ल्स ब्रूस या काळ्या जोडप्याने १९१२ मध्ये जमीन घेऊन आपल्या लोकांसाठी विश्रामगृह काढलं होतं. १९२४ मध्ये नगरपालिकेने बागेचं निमित्त करून ती जमीन काढून घेण्याची कारवाई केली. वारसांना ती परत मिळाली २०२२ मध्ये. चित्रपटात किनारा रिकामा दिसतो, त्याच्या आधी तो कोणीतरी रिकामा केलेला असतो.

ही लाट आपल्याकडेही आली. १९६५ चा 'गुमनाम' घ्या. दिग्दर्शक राजा नवाथे, नायिका मास्टर विनायकांची कन्या नंदा, संगीत शंकर-जयकिशन. सुरुवातीलाच क्लबमध्ये डोळ्यांवर मुखवटे चढवून नाचणारी मंडळी, पुढे लक्ष्मी छाया, मागे 'टेड लायन्स अँड हिज कब्ज' हा वाद्यवृंद आणि मोहम्मद रफींचा आवाज. 'जान पहचान हो' हेच ते गाणं. त्याची गिटार सर्फ रॉकच्या सख्ख्या भावकीतली आहे. २००१ मध्ये 'घोस्ट वर्ल्ड' या अमेरिकी चित्रपटाची सुरुवात याच नाचाने झाली आणि तिकडची मुलं हे गाणं शोधू लागली. पूर्वेची चाल कॅलिफोर्नियाला गेली, तिथला ठेका मुंबईला आला, आणि मुंबईचं गाणं पुन्हा तिकडे पोचलं. त्याआधी हवाई गिटार आपल्याकडे रुजलीच होती. हवाईचा वादक टाऊ मो १९४० च्या दशकात कलकत्त्यात राहत होता. व्हॅन शिप्ले आणि हजारा सिंग यांनी गिटारीवर वाजवलेल्या चित्रपटगीतांच्या धून माझ्या पिढीने रेडिओवर ऐकल्या आहेत. त्या सुरांमागे हवाई नावाचा एक मुलूख आहे, तिथे माणसं आहेत, हे मात्र आम्हाला कोणी सांगितलं नव्हतं.

'गुमनाम'मध्येही समुद्र आहे. अनोळखी किनाऱ्यावर उतरवलेले पाहुणे, एक ओसाड हवेली, वाळूवर गाणारी हेलन. त्या किनाऱ्यावर जाळं नाही, होडी नाही, मासळीचा वास नाही. आहे तो पाहुण्यांची सरबराई करणारा एक खानसामा, मेहमूद. स्थानिक माणूस कथेत आला तर वाढपी म्हणून येतो.

आता आमच्याकडच्या तरुणांचा नाच पाहा. भात पिकायला लागलं की तारपा बाहेर निघतो. वाळवलेला दुधी भोपळा, त्यात बसवलेल्या बांबूच्या नळ्या, पुढे ताडाच्या पानाचा कर्णा, आणि सांधे मेणाने बुजवलेले. वाजवणारा गालांत हवा साठवून नाकाने श्वास घेतो, त्यामुळे सूर तुटत नाही. डिक डेलने विजेवर साधलेली अखंडता इथे माणसाच्या श्वासावर चालते. मुलंमुली एकमेकांच्या कमरेला धरून साखळी करतात आणि रात्रभर तारपेकऱ्याभोवती फिरतात, त्याच्याकडे पाठ न करता. तिथेही थट्टा असते, रुसवे असतात, जुळणंही असतं. फरक इतकाच की हा नाच कोणाला बाजूला सारून होत नाही. म्हातारी माणसं कडेला बसलेली असतात आणि ज्या भातासाठी हे सगळं, ते शेजारच्या खाचरात उभं असतं. पाहुण्यांसाठी व्यासपीठावर तारपा वाजतो तेव्हा भात आणि म्हातारी माणसं दोन्ही गळतात. बाहेरच्या दुर्बिणीला नेमकी तीच चौकट आवडते.

चौकटीचा हिशेब पुढे कसा वळतो, ते डेना पॉइंटवरून कळतं. होबी ऑल्टरचं दुकान याच गावात होतं. तिथली लाट इतकी थोर की तिला 'किलर डेना' म्हणत. १९६६ मध्ये तिथे बंदराचं काम सुरू झालं, लाट अडवणारा बांध उभा राहिला आणि ती लाट कायमची गेली. ज्या दशकाने समुद्राची सर्वांत जास्त गाणी केली, त्याच दशकात ही लाट बुजली. गाणी तिला वाचवू शकली नाहीत. त्या गाण्यांतला समुद्र कुठल्याच गावचा नव्हता.

आमच्या शेजारी वाढवण आहे. डहाणू तालुका १९९१ मध्ये पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील म्हणून जाहीर झाला. इथल्या पर्यावरण प्राधिकरणाने १९९८ मध्ये वाढवणचं बंदर नाकारलं आणि २०२३ मध्ये त्याच प्राधिकरणाने परवानगी दिली. ३० ऑगस्ट २०२४ रोजी पालघरला सुमारे ७६ हजार कोटी रुपयांच्या बंदराची पायाभरणी झाली. मच्छीमारांचा विरोध आहे आणि बंदराने रोजगार येईल असं म्हणणारेही आमच्यात आहेत. त्या वादाचा निवाडा करण्याचा माझा अधिकार नाही. पण कागदावरच्या नकाशात किनाऱ्याची रेघ आणि पलीकडे निळा रंग एवढंच असतं, हे मी पाहिलं आहे. तो नकाशा आणि ती रील यांत मला एक नातं दिसतं. वर्षानुवर्षं किनारा रिकामा पाहायची सवय लागलेल्या डोळ्यांना नकाशातलं रिकामपण खुपत नाही.

हे सगळं मी भाचीला सांगितलं. ती म्हणाली, "मामा, दोन मिनिटांसाठी आजींना बाजूला केलं, त्याचं तुम्ही केवढं केलंत!" खरं आहे. तिचा दोष नाहीच. मीही तेव्हा तिथे उभा होतो आणि चौकट चांगली झाली असंच मला वाटलं होतं.

होळीच्या सुमाराला आम्ही पुन्हा झाईला गेलो. भाचीने या वेळी आजींना हलायला सांगितलं नाही. 'मिसिरलू'च वाजत होतं. आजी टोपली भरता भरता मान वर करून म्हणाल्या, "जरा हळू लाव, पोरी. ओहोटी लागली का ते ऐकू येत नाही." भाचीने आवाज बारीक केला. मग आम्हालाही पाणी मागे सरकल्याचं ऐकू आलं.