कूपनांवरची फॅशन, तळघरातला स्विंग

दुसऱ्या महायुद्धात, १ जून १९४१ रोजी, ब्रिटनमध्ये कपड्यांवर रेशन आलं. पहिल्या वर्षी माणशी ६६ कूपनं. लोकरी फ्रॉकला ११ जात, पुरुषांच्या पूर्ण सुटाला २६. म्हणून स्कर्ट आखूड आणि बटणं मोजकीच. रेशमी मोजे मिळेनासे झाले, तेव्हा मुली पायांना ग्रेव्हीचा तपकिरी रंग लावत आणि पोटरीवर भुवईच्या पेन्सिलीने शिवणीची रेघ ओढून घेत. या हौसेला मनापासून दाद द्यावी. सरकारी ‘युटिलिटी’ योजनेतले काटकसरीचे कपडेही गबाळे नव्हते. नॉर्मन हार्टनेल, हार्डी एमीज अशा नामवंत वेशरचनाकारांनी त्यांचे नमुने बेतले होते.

कपड्यांसारखीच हौस नाचगाण्याचीही होती. अमेरिकन सैनिकांबरोबर जिटरबग हा नाच ब्रिटनभर पसरला. त्याचं मूळ न्यूयॉर्कच्या हार्लेममधल्या कृष्णवर्णीय तरुणांच्या लिंडी हॉप या नाचात आहे, आणि हे श्रेय त्यांना आवर्जून द्यायलाच हवं.

गयानात जन्मलेल्या केन ‘स्नेकहिप्स’ जॉन्सनचा स्विंग जॅझ बँड लंडनच्या ‘कॅफे द पारी’ या नाइटक्लबात वाजायचा. जागा जमिनीखाली, त्यामुळे लोक निर्धास्त असत. ८ मार्च १९४१ च्या रात्री हवाई हल्ल्यात तिथे बॉम्ब पडला आणि जॉन्सन गेला, अवघ्या २६ व्या वर्षी. ब्रिटिश जॅझचं हे फार मोठं नुकसान होतं.

युद्धाने आणखी एक संगीतकार नेला. अमेरिकन बँडप्रमुख ग्लेन मिलर १५ डिसेंबर १९४४ रोजी इंग्लंडहून पॅरिसला निघाला. त्याचं विमान पोचलंच नाही. त्याच वर्षी ब्रिटिश गायिका व्हेरा लिन भारतमार्गे ब्रह्मदेशच्या आघाडीवर जाऊन सैनिकांसाठी गायली.