शार्लट कूपर : एका ऑलिम्पिक विजेतीचे जीवन आणि तिची नोंद

१८९६ च्या अथेन्स ऑलिम्पिकमध्ये स्त्रियांना प्रवेश नव्हता. १९०० साली पॅरिस येथे तो प्रथमच मिळाला. ११ जुलै १९०० रोजी इंग्लंडच्या शार्लट कूपर यांनी फ्रान्सच्या एलेन प्रेव्हो यांचा ६-१, ६-४ असा पराभव करून टेनिसमधील महिला एकेरीचे विजेतेपद मिळविले. वैयक्तिक क्रीडाप्रकारातील पहिली ऑलिम्पिक विजेती अशी त्यांची नोंद केली जाते. यातील 'वैयक्तिक' हे विशेषण वगळता येत नाही; कारण त्याच वर्षी मे महिन्यात एलेन द पूर्तालेस नौकानयनात विजयी चमूच्या सदस्य होत्या.

कूपर यांना सुवर्णपदक मिळाले, हे सर्रास आढळणारे विधान मात्र काटेकोरपणे पाहता चुकीचे ठरते. पहिल्या क्रमांकासाठी सुवर्णपदक देण्याची प्रथा १९०४ पासूनची. पॅरिसच्या स्पर्धा जागतिक प्रदर्शनाचा एक भाग म्हणून महिनोन्‌महिने चालल्या, आणि आपण ऑलिम्पिकमध्ये खेळत आहोत याची अनेक खेळाडूंना कल्पनाही नव्हती. ज्या बिरुदामुळे कूपर आज ओळखल्या जातात, ते इतिहासकारांनी मागाहून दिलेले आहे. त्यांच्या समकालीनांच्या लेखी त्या विम्बल्डनच्या विजेत्या होत्या.

त्यांचा जन्म २२ सप्टेंबर १८७० रोजी लंडनजवळील ईलिंग येथे एका गिरणीमालकाच्या कुटुंबात झाला. सहा भावंडांत त्या सर्वांत धाकट्या. ईलिंगच्या क्लबमध्ये त्या खेळ शिकल्या आणि १८९५ मध्ये विम्बल्डनच्या विजेत्या झाल्या. १८९५ ते १९०२ अशी सलग आठ वर्षे त्या तेथे अंतिम सामना खेळल्या. ही संख्या वाचताना तत्कालीन नियम ध्यानात घ्यावा लागतो : गतविजेतीला केवळ शेवटचाच सामना खेळावा लागे. तरीही हे सातत्य असामान्यच होय.

घोट्यापर्यंतच्या पायघोळ पोशाखात बहुतेक स्त्रिया मैदानाच्या मागच्या रेषेवरून खेळत असता कूपर जाळीपाशी धावून येत आणि चेंडू टप्पा पडण्यापूर्वीच परतवीत. वयाच्या सव्विसाव्या वर्षी त्यांची श्रवणशक्ती गेली. रॅकेटवर आदळणाऱ्या चेंडूच्या आवाजावरून त्याचा वेग व फिरकी यांचा अंदाज खेळाडू नकळत घेत असतो; जाळीजवळ तर प्रतिसादासाठी क्षणभराचाच अवधी मिळतो. हा आधार गेल्यावरही त्यांनी आपली आक्रमक शैली सोडली नाही. १८९८, १९०१ व १९०८ ची विम्बल्डन विजेतेपदे आणि पॅरिसचे यश हे सर्व त्यानंतरचे आहे. ऑलिम्पिक विजयाच्या चर्चेत ही गोष्ट बहुधा तळटीपेत जाते, हे खेदजनक आहे.

जानेवारी १९०१ मध्ये आल्फ्रेड स्टेरी या वकिलाशी त्यांचा विवाह झाला. दोन अपत्ये झाल्यानंतर, १९०८ मध्ये, सदतीस वर्षे पूर्ण झालेली असताना त्यांनी पाचव्यांदा विम्बल्डन जिंकले. त्या वाटचालीत त्यांनी डोरोथिया लॅम्बर्ट चेंबर्स यांना हरविले होते. त्याच उन्हाळ्यात लंडन ऑलिम्पिकमधील मैदानी एकेरी चेंबर्स यांनी जिंकली. त्या स्पर्धेत श्रीमती स्टेरी खेळल्या नाहीत. विम्बल्डनच्या एकेरीतील सर्वाधिक वयाची विजेती हा १९०८ चा विक्रम आजही त्यांच्याच नावावर आहे. १० ऑक्टोबर १९६६ रोजी, वयाच्या शहाण्णवाव्या वर्षी, स्कॉटलंडमधील हेलेन्सबर्ग येथे त्यांचे निधन झाले.