पिक्चरगोअरचा समीक्षक आणि इंद्रावतीचे जंगल

वरोऱ्याचे वकील मुरलीधर देवीदास आमटे यांना सिनेमाचे विलक्षण वेड होते. जन्म १९१४ सालचा, हिंगणघाटचा. घराणे जहागीरदारांचे, घरात बंदूक आणि शिकार, दाराशी स्वतःची मोटार आणि मोटारीच्या गाद्यांना बिबट्याचे कातडे. 'पिक्चरगोअर' या इंग्रजी नियतकालिकासाठी ते हॉलिवूडच्या चित्रपटांची परीक्षणे लिहीत. ग्रेटा गार्बो आणि नॉर्मा शिअरर या तेव्हाच्या आघाडीच्या अभिनेत्रींशी त्यांचा पत्रव्यवहार होता. गार्बोचा शेवटचा चित्रपट १९४१ सालचा, शिअररचा १९४२ सालचा. ऐन कीर्तीत असताना दोघी पडद्यावरून उतरल्या आणि खासगी आयुष्यात गेल्या. त्यांचा हा वैदर्भी चाहता मात्र पुढे 'बाबा आमटे' झाला आणि गडचिरोलीतल्या जंगल वाचवण्याच्या पहिल्या मोठ्या आंदोलनाचा चेहरा बनला. त्याच्या कुष्ठरुग्णांच्या कामाला परदेशातून मिळालेल्या सुरुवातीच्या मदतीत शिअररचे नाव घेतले जाते.

सिनेमा सोडून निसर्गाच्या बाजूला गेलेल्या अभिनेत्रींची उदाहरणे जगात आहेत. फ्रान्सच्या ब्रिजित बार्दो यांनी १९७३ साली, चाळिशीही गाठली नसताना, अभिनय सोडला. १९७७ साली त्या सीलच्या पिल्लांच्या शिकारीविरुद्ध थेट कॅनडाच्या बर्फावर जाऊन उभ्या राहिल्या आणि १९८६ साली त्यांनी प्राण्यांसाठी प्रतिष्ठान काढले. आपल्याकडे अमला अक्किनेनी यांनी १९९२ साली लग्नानंतर चित्रपट थांबवले आणि हैदराबादला भटक्या व जखमी जनावरांसाठी 'ब्लू क्रॉस'चे काम उभे केले. अशा कलावंतांच्या गाठीला आधीची कीर्ती असते आणि ती नव्या कामाला भांडवल म्हणून वापरता येते. चंद्रपूर-गडचिरोलीत क्रम उलटा आहे. इथे पडद्यासमोर बसणारा प्रेक्षक जंगलात गेला, आणि पडदा त्याच्या घराण्यामागे जंगलात यायला आणखी चार दशके जावी लागली.

मधला प्रवास महाराष्ट्राला तोंडपाठ आहे. १९४६ साली साधनाताईंशी विवाह, १९४९ साली महारोगी सेवा समिती, १९५१ साली वरोऱ्याजवळच्या खडकाळ माळावर आनंदवन, १९६७ साली मूल तालुक्यात सोमनाथ. मात्र जंगलाच्या संदर्भात महत्त्वाचे वर्ष १९७३ चे. त्या वर्षी डिसेंबरात भामरागडच्या अरण्यात हेमलकसा येथे लोकबिरादरी प्रकल्प सुरू झाला आणि डॉ. प्रकाश व डॉ. मंदाकिनी आमटे तिथे राहायला गेले. रस्ता नाही, वीज नाही, पावसाळ्यात नद्यांनी चहूबाजूंनी वाट अडवलेली. तोवर आमटे घराण्याचे काम रोग आणि उपेक्षा यांच्याशी होते. जंगल त्यात नव्हते.

हेमलकशाला जंगलाचा धडा मिळाला तो एका शिकारीतून. काही माडिया आदिवासी शिकारी मारलेले माकड घेऊन चालले होते आणि मेलेल्या आईला तिचे जिवंत पिल्लू बिलगलेले होते. प्रकाश आमटे यांनी बदल्यात काही देऊन ते पिल्लू मागून घेतले. मग शिकारीत सापडलेली अनाथ पिल्ले दवाखान्याकडे येऊ लागली: अस्वले, बिबटे, हरणे. त्यातून प्राण्यांचे अनाथालय उभे राहिले. लाड करून घेणाऱ्या बिबट्याची तिथली छायाचित्रे शहरात फार गाजली. पण त्यामागचे निदान रुक्ष आणि खरे होते. माडिया शिकार करत होता तो पोटासाठी. धान एकपिकी, पावसाच्या भरवशावरचे. कोठी संपली की जंगल हेच दुकान. त्याला प्राणिदयेचे प्रवचन देण्यापेक्षा भाजीपाला, शाळा आणि दवाखाना देणे हाच शिकार कमी करण्याचा मार्ग होता.

तेवढ्यात जंगलच बुडण्याची वेळ आली. इंद्रावती नदी पूर्वेकडून येऊन गडचिरोली आणि बस्तरची हद्द आखत गोदावरीला मिळते. तिच्यावर भोपालपट्टणम येथे आणि संगमाच्या खाली गोदावरीवर इंचमपल्ली येथे अशी दोन मोठी धरणे योजलेली होती. बुडणार होता तो दक्षिण गडचिरोली आणि बस्तरचा सागवान-मिश्र अरण्याचा पट्टा, रानम्हशींच्या शेवटच्या आसऱ्यांपैकी एक आणि माडिया-गोंडांची गावे. गडचिरोली हा जिल्हाच तेव्हा नवा होता. २६ ऑगस्ट १९८२ रोजी तो चंद्रपुरातून वेगळा झाला. जिल्ह्याची तीन चतुर्थांश जमीन जंगलाखाली, आणि विकासाची पहिली मोठी भेट म्हणून धरण.

याविरुद्ध 'जंगल बचाओ, मानव बचाओ' आंदोलन उभे राहिले. बाबा आमटे आणि आदिवासी नेते लालश्यामशहा महाराज हे त्याचे पुढारी. बाबांना मणक्याच्या दुखण्याने बसता येत नसे. ते एकतर चालत किंवा आडवे पडून असत, आणि त्याच अवस्थेत त्यांनी गावे पालथी घातली. आंदोलनाच्या नावातच त्याचा मुद्दा होता. वाघ वाचवायचा म्हणून माणूस हटवायचा, किंवा माणसाला वीज हवी म्हणून जंगल बुडवायचे, या दोन्ही वाटा त्याने नाकारल्या. १९८४ साली इंदिरा गांधींनी बाबांना लिहिलेल्या पत्रात विकास प्रकल्पांमुळे आदिवासींचे विस्थापन होते याचे दुःख व्यक्त केले, पण काही वेळा व्यापक हितासाठी दुसरा पर्याय नसतो, असेही कळवले. कार्यालयीन भाषेत याला नकार म्हणतात. तरीही दोन्ही धरणे झाली नाहीत. ती लांबली आणि बासनात गेली. १९८८ साली मोठ्या धरणांविरुद्ध देशभरातले पर्यावरणवादी आनंदवनात जमले आणि त्यांनी जाहीरनामा काढला. १९९० साली बाबा नर्मदेकाठी कसरावदला राहायला गेले.

ख्यातनाम माणसाच्या आंदोलनाची मर्यादा इथेच दिसते. तो दिल्लीचे दार ठोठावू शकतो, वर्तमानपत्राची जागा मिळवू शकतो, धरणाला दहा वर्षे थोपवू शकतो. जंगलात रोज कोण कुऱ्हाड घेऊन शिरते, यावर त्याला नजर ठेवता येत नाही. ते काम जंगलात राहणाऱ्यांचेच. आणि गडचिरोलीत ते काम करणारे गाव याच आंदोलनातून तयार झाले.

धानोरा तालुक्यातले मेंढा (लेखा) हे शंभरेक उंबऱ्यांचे गोंड गाव. धरणविरोधी आंदोलनात गेलेली इथली माणसे परत आली ती एक प्रश्न घेऊन: धरण अडवता येते, तर आपले जंगल आपल्याला का राखता येऊ नये? देवाजी तोफा आणि चंद्रपूरच्या 'वृक्षमित्र'चे मोहन हिराबाई हिरालाल यांच्या सोबतीने गावाने दोन सवयी लावून घेतल्या. एक, अभ्यासगट: कुठलाही कायदा, योजना, कागद आधी बसून समजून घ्यायचा. दुसरी, सर्वसहमती: बहुमताने ठराव नाही, एकाचा जरी विरोध असला तरी थांबायचे, बोलत राहायचे. 'दिल्ली-मुंबईत आमचे सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार' ही घोषणा इथली. ऐकायला बंडखोर, पण तिच्यामागे भरपूर रटाळ बैठका आहेत, आणि बळ त्या बैठकांतच आहे.

सुमारे अठराशे हेक्टर जंगलावरचा हा दावा सोपा नव्हता. बांबू बल्लारपूरच्या कागद कारखान्याला सवलतीच्या दराने जाई आणि गावकऱ्याला कुंपणाच्या काठीसाठीही वनरक्षकाची मर्जी लागे. १९२७ च्या भारतीय वन कायद्याने बांबूला झाडांत बसवले होते. वनहक्क कायद्याने २००६ साली त्याला गौण वनोपज म्हटले. १५ ऑगस्ट २००९ रोजी मेंढ्याचा सामूहिक वनहक्काचा दावा मंजूर झाला. देशातल्या अगदी पहिल्या दाव्यांपैकी तो. तरी बांबू बाहेर न्यायचा वाहतूक परवाना वनखाते देईना. अखेर २७ एप्रिल २०११ रोजी केंद्रीय मंत्री जयराम रमेश आणि मुख्यमंत्री पृथ्वीराज चव्हाण गावात आले आणि परवान्याचे पुस्तक ग्रामसभेच्या हाती पडले. हक्काचा कागद मिळाल्यापासून बांबू विकण्याची मोकळीक मिळेपर्यंत वीस महिने गेले.

जंगल राखायचे कशासाठी, याचे इथले पहिले उत्तर जेवणात आहे. मार्च-एप्रिलमध्ये मोह फुलतो. फुले पहाटे गळतात. बायामुले अंधारातच टोपल्या घेऊन झाडाखाली जातात, उन्हं चढायच्या आत वेचतात आणि अंगणात वाळत घालतात. वाळलेला मोह बेदाण्यासारखा दिसतो आणि पावसाळ्याच्या तंगीत भाजून, शिजवून खाल्ला जातो. त्याच्या बीला टोळी म्हणतात. तिचे तेल निघते. उन्हाळ्यात चार आणि टेंभराची फळे. चाराच्या बीतली चारोळी व्यापारी एकेकाळी मिठाच्या बदल्यात घेऊन जात. शहरातल्या श्रीखंडावर पडणाऱ्या चारोळीचा तो हिशेब आहे. पहिल्या पावसात तरोट्याची कोवळी पाने, मग बांबूचे कोंब म्हणजे वास्ते, वारुळावर उगवणाऱ्या सात्या, कुड्याच्या फुलांची भाजी, जमिनीतले कंद. सोबत भात आणि आंबील. माडिया समाजात गाय-म्हैस दुहायची रीत पूर्वी नव्हती. दूध वासराचे, असे मानले जाई. शहरात व्हीगन म्हणून जे आज निश्चयाने स्वीकारले जाते, त्यातला एक मोठा भाग इथे निश्चयाशिवाय चालत आला. मात्र त्याला शाकाहाराचे लेबल चिकटवणे खोटे ठरेल. मासे, शिकार, लाल मुंग्यांची चटणी हेही याच ताटात असते. वेगळेपण हे, की ताटातला बहुतेक माल चालत जाण्याच्या अंतरातून येतो, म्हणून झाड तोडले की दुसऱ्या वर्षी ताट रिकामे दिसते.

त्यातून निघालेले नियमही तसेच रोखठोक आहेत. मेंढ्यात मोह, चार, टेंभर अशी फळझाडे तोडायची नाहीत असे ठरले. आग्या मोहळाचे अख्खे पोळे जाळण्याऐवजी मधाचा भागच कापून घेण्याची रीत गावाने शिकून घेतली. चंद्रपूर जिल्ह्यात गोंडपिपरी तालुक्यातल्या पाचगावने आणखी पुढचे पाऊल टाकले. २०१२ साली सुमारे हजार हेक्टरचा सामूहिक वनहक्क मिळालेल्या या ग्रामसभेने तेंदूपत्ता तोडणे बंद केले. पाने कोवळी यावीत म्हणून झाडे छाटली जातात, आगी लावल्या जातात, आणि पानाची शेवटी विडी होते, हा त्यांचा हिशेब. रोख पैसा सोडला, तर फळ मिळाले; न छाटलेल्या तेंदूच्या झाडावर टेंभरे लागतात. आणि गावाचे पोट मुख्यतः बांबूवर आहे. आसपासची बहुसंख्य गावे मात्र तेंदूपत्त्यावरच वर्षाचा रोख खर्च भागवतात, तेव्हा पाचगावचा निर्णय सर्वांनी घ्यावा असे म्हणणे परिस्थितीला धरून नाही.

मोहावरचे सरकारी बंधन वेगळ्याच कारणाचे होते. दारूबंदी कायद्याच्या धाकाने मोहफुलाची साठवण आणि वाहतूक अडकलेली असे. राज्य सरकारने ती बंधने २०२१ साली सैल केली. गडचिरोलीत १९९३ पासून दारूबंदी आहे आणि ती बाहेरून आलेली नाही, लोकांच्या मागणीतून आलेली आहे. त्यामुळे एकाच फुलाकडे खाद्य म्हणून आणि गुन्हा म्हणून पाहण्याची गुंतागुंत इथल्या ग्रामसभांना रोजच सोडवावी लागते.

चंद्रपूरकडच्या भागात वेचणाऱ्याला आणखी एक भीती असते. ताडोबा १९५५ साली राष्ट्रीय उद्यान झाले. वाघ वाढले, आणि उद्यानाबाहेरच्या रानात मोह किंवा तेंदू वेचायला वाकलेल्या माणसांवरचे हल्लेही वाढले. याच ताडोबालगत लोहारा येथे अदानी समूहाची कोळसा खाण योजली होती. चंद्रपूर शहरातल्या 'इको-प्रो'चे बंडू धोतरे यांनी २००९ साली तिच्याविरुद्ध उपोषण केले आणि ती योजना केंद्राने मागे घेतली. त्या लढ्याला नट-नटी नव्हते. होते ते धुळीने आणि राखेने कंटाळलेले चंद्रपूरकर.

सिनेमा अखेर या मुलखात आला तो २०१४ साली. समृद्धी पोरे यांच्या 'डॉ. प्रकाश बाबा आमटे – द रियल हीरो' या चित्रपटात नाना पाटेकर प्रकाश आमटे झाले आणि सोनाली कुलकर्णी मंदाकिनीताई. चित्रपटाने हेमलकसा घराघरांत नेले. माणसाचे धैर्य पडद्यावर छान दिसते. सर्वसहमतीची बैठक मात्र पडद्यावर टिकत नाही, म्हणून मेंढ्याचे नाव त्या मानाने कमी जणांना माहीत आहे. बाबा त्याआधीच, ९ फेब्रुवारी २००८ रोजी आनंदवनात गेले. त्यांच्या इच्छेप्रमाणे त्यांना दहन न करता मातीत पुरण्यात आले.

धरणांचा प्रश्न बाबांबरोबर संपला नाही. प्राणहिता-गोदावरीच्या संगमाखाली, सिरोंचासमोर, तेलंगणाने मेडीगड्डा बंधारा बांधला. २३ ऑगस्ट २०१६ रोजी दोन राज्यांत १०० मीटर पातळीचा करार झाला आणि जून २०१९ मध्ये कालेश्वरम प्रकल्पाचे उद्घाटन. त्याच्या फुगवट्याने आणि २०२२ च्या पुराने सिरोंचा तालुक्यातल्या नदीकाठच्या शेतांत पाणी शिरले. भरपाईसाठी शेतकऱ्यांना धरणे आंदोलने आणि उपोषणे करावी लागली. ऑक्टोबर २०२३ मध्ये बंधाऱ्याचे काही खांब खचले. तिकडे एटापल्ली तालुक्यात सूरजागडच्या पहाडावर लोहखनिजाची खाण सुरू आहे, आणि अनेक ग्रामसभांनी तिला विरोधाचे ठराव केलेले आहेत. इंचमपल्लीचे नावही कागदांतून गेलेले नाही: गोदावरी-कावेरी नदीजोड आराखड्यात पाणी उचलण्याची जागा म्हणून ते पुन्हा आले आहे.