चित्रफीत : वंचितांच्या इतिहासाची साक्ष

इतिहासाचा अभ्यास करताना आम्ही शिलालेख, ताम्रपट, बखरी व सरकारी दप्तरे यांना पुरावा मानतो. परंतु झोपडपट्टीतील माणसाच्या नावाने कोणी ताम्रपट कोरून ठेवलेला नसतो. त्याचा चेहरा व आवाज चित्रफीतच टिकवून ठेवते.

११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. निषेधासाठी जमलेल्या लोकांवर गोळीबार होऊन १० जण मृत्युमुखी पडले. या आघाताने शाहीर विलास घोगरे यांनी चार दिवसांनी आपले जीवन संपविले. आनंद पटवर्धन यांनी पुढे १४ वर्षे चित्रीकरण करून २०११ मध्ये ‘जय भीम कॉम्रेड’ हा माहितीपट पूर्ण केला. त्यात घोगरे आपणांस गाताना दिसतात, कारण झोपडपट्टीवासीयांवरील ‘हमारा शहर’ या १९८५ च्या माहितीपटासाठी केलेले त्यांचे चित्रीकरण जपलेले होते. शाहीर गेले, त्यांचा आवाज मात्र साक्षीला उभा राहिला.

अशी साक्ष आपल्या परिसरातही आहे. २७ जुलै २०१९ रोजी उल्हास नदीच्या पुरात बदलापूर-वांगणीदरम्यान महालक्ष्मी एक्स्प्रेस अडकली व हजाराहून अधिक प्रवाशांची सुटका करावी लागली. ती बातमी देशभर पोहोचली. कोणत्या वस्तीत पाणी किती चढले, कारखान्यांच्या सांडपाण्याने वालधुनीचा रंग कसा पालटला, हे मात्र रहिवाशांनी काढलेल्या दृश्यांतूनच उद्या सिद्ध होईल.

पुण्यात १९६४ पासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे; परंतु घरच्या कपाटातील कॅसेटी आपणच जपल्या पाहिजेत. कोकणपट्टीच्या दमट हवेत त्यांना बुरशी लागते. बुरशीची कॅसेट तशीच यंत्रात घालू नये. फीत खराब होते व यंत्रही बिघडते. जाणकाराकडून ती स्वच्छ करवून संगणकावर उतरवून घ्यावी, दोन प्रती दोन ठिकाणी ठेवाव्यात आणि मूळ कॅसेट कोरड्या जागी उभी ठेवावी. मोबाईलमधील मूळ फाईलच जपावी. व्हॉट्सअॅपवरून आलेल्या प्रतीचा दर्जा घटलेला असतो.

सर्वांत महत्त्वाचे म्हणजे प्रत्येक फितीसोबत तारीख, ठिकाण, चित्रीकरण करणाऱ्याचे व दिसणाऱ्या माणसांची नावे लिहावीत. ती ओळखणारे वडीलधारे आज आपल्यात आहेत. माजी विद्यार्थ्यांनी व पालकांनी या पावसाळ्यापूर्वी आपापली कपाटे उघडावीत आणि त्यांच्या शेजारी बसून ही नावे लिहून घ्यावीत, अशी आमची नम्र विनंती आहे.