कुंडलिकेचे पाणी आणि क्षणाचा वेग

रोह्याला लागून असलेल्या वरसे गावाकडे कुंडलिका जे पाणी घेऊन येते, त्यातील बरेचसे मुळशीच्या जलाशयातून पोलादी नळांवाटे सुमारे ५०० मीटर खाली, १९२७ साली सुरू झालेल्या भिरा येथील वीजगृहात उतरलेले असते. पडणाऱ्या वस्तूचा एखाद्या क्षणीचा वेग किती, हा कलनशास्त्राच्या पहिल्या धड्यातील प्रश्न या पाण्याला लावून पाहिला, तर उत्तर एकच येत नाही.

निर्वातात पडणारा थेंब टी सेकंदांत ४.९ गुणिले टीचा वर्ग इतके मीटर अंतर कापतो. तिसरा सेकंद संपतो त्या क्षणाला लांबी नसल्यामुळे अंतराला वेळेने भागण्याची नेहमीची रीत तेथे शून्य भागिले शून्य अशी अडते. म्हणून ३ ते ३.१ सेकंद, मग ३ ते ३.०१, मग ३ ते ३.००१ असे कालखंड आक्रसत नेले असता सरासरी वेग २९.८९, २९.४४९, २९.४०४९ असा उतरत २९.४ मीटर प्रतिसेकंद या मूल्याकडे सरकतो, आणि या सीमामूल्यालाच विकलज म्हणतात. (भास्कराचार्यांनी ११५०च्या ‘सिद्धान्तशिरोमणी’त ग्रहांची, विशेषतः चंद्राची, ‘तात्कालिक गती’ मांडली, ती अशाच प्रश्नातून; तेवढ्यावरून त्यांना संपूर्ण कलनशास्त्राचे जनक ठरवणे हा उत्साहाचा अतिरेक असला, तरी युरोपीय इतिहासांनी त्यांना तळटिपेत ढकलणे त्याहून अन्यायाचे आहे.) याच हिशेबाने ५०० मीटर पडायला सुमारे १० सेकंद लागतात आणि तळाशी वेग सुमारे ९९ मीटर प्रतिसेकंद, म्हणजे ताशी साडेतीनशे किलोमीटरांवर जातो.

सह्याद्रीवर कोसळणारा पाऊस मात्र हा हिशेब पाळत नाही. वेग वाढतो तसा हवेचा विरोधही वाढतो, आणि तो वजनाइतका झाला की वेगाच्या बदलाचा दर, म्हणजेच वेगाचा विकलज, शून्य होतो. त्यामुळे दोन-तीन किलोमीटरांवरून आलेला टपोरा थेंबही जमिनीला सेकंदाला जेमतेम ९ मीटर वेगाने भिडतो. ‘हवेचा विरोध नाही असे माना’ हे पाठ्यपुस्तकातील निरुपद्रवी दिसणारे वाक्य गृहीत न धरता खरे ठरते, तर मृगाच्या सरीत छत्री टिकती ना.

खरी गंमत भिऱ्याला उतरणाऱ्या नळात आहे. सारख्या जाडीच्या भरलेल्या नळात पाणी वरपासून खालपर्यंत एकाच वेगाने, तेही निवांत, उतरते, कारण जेवढे आत शिरते तेवढेच बाहेर पडू शकते. येथे वेगाऐवजी दाब वाढत जातो आणि तळाशी तो वातावरणाच्या सुमारे ५० पट होतो. टोकाच्या अरुंद तोटीतून सुटताना हाच दाब पुन्हा वेगात बदलतो, आणि नळातील घर्षण सोडले तर हा वेग तोच, सुमारे ९९ मीटर प्रतिसेकंद, भरतो! ही धार झेलून वीजजनित्र फिरवणाऱ्या पेल्टन चक्राच्या वाट्या धारेच्या साधारण निम्म्या वेगाने फिरत ठेवतात, म्हणजे पाणी आपली जवळपास सगळी गतिज ऊर्जा चक्राला देऊन वाटीतून गळते आणि कोलाडमार्गे रोह्याकडे निघते.